पूर्वनिर्णय कोणावर बंधनकारक?

विलेपार्ले येथे पश्चिम द्रुतगती महामार्गालगत कामराजनगर नावाची वस्ती होती. महामार्गालगत जलवाहिनी टाकण्याच्या कामावर 1960-61 च्या सुमारास आलेल्या मजुरांची ही वस्ती, असे तिच्या रहिवाशांचे म्हणणे होते. जुलै 1981 मध्ये बॅ. अंतुले यांच्या सरकारने पदपथवासीयांना मुंबईबाहेर हाकलण्याचे फर्मान काढले. त्यानंतर ज्या याचिका सर्वोच्च न्यायालयाने एकत्रितपणे ऐकल्या, त्यांत कामराजनगरचीही होती. हाच ऑल्गा टेलिस खटला.

10 जुलै 1985 रोजी सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निर्णय दिला, की घटनेच्या 21 व्या कलमातील जीविताच्या हक्कात उपजीविकेचा हक्क अंतर्भूत आहे. झोपडी पाडण्यापूर्वी रहिवाशाचे म्हणणे ऐकणे हा नियम असून न ऐकणे हा अपवाद होय. परंतु त्याच निकालाने महानगरपालिका कायद्याचे 314 वे कलम वैध ठरवले. आयुक्तांनी नाकारलेली सुनावणी आपल्यापुढे पुरेशी झाली, असे म्हटले. आणि पावसाळ्यापुरती, 31 ऑक्टोबरपर्यंत, मुदत देऊन पाडकामाला वाट मोकळी करून दिली. गरिबाच्या वाट्याला तत्त्व आले, जमीन पालिकेकडेच राहिली.

घटनेच्या 141 व्या कलमान्वये सर्वोच्च न्यायालयाने घोषित केलेला कायदा देशातील सर्व न्यायालयांवर बंधनकारक आहे. मोठ्या पीठाचा निर्णय लहान पीठाने डावलू नये, शंका असल्यास प्रकरण मोठ्या पीठापुढे ठेवण्याची विनंती सरन्यायाधीशांना करावी, हा दंडक दाऊदी बोहरा प्रकरणात घटनापीठाने 2004 साली पुन्हा स्पष्ट केला. मग 1985 चा निर्णय अबाधित असताना बेघर होणाऱ्याच्या पदरी काय पडते? पूर्वनिर्णय उघडपणे झुगारावा लागतच नाही. त्यातील सोयीचा भाग निर्णयाचे सार म्हणून उचलावा, गैरसोयीचा भाग प्रासंगिक उद्गार म्हणून बाजूस सारावा, की काम भागते.

बोरिवलीपासून मुलुंडपर्यंत पसरलेल्या राष्ट्रीय उद्यानातील झोपड्यांबाबत मुंबई उच्च न्यायालयाने मे 1997 मध्ये आदेश दिला. वनाचे रक्षण व्हावे, याविषयी आमचे दुमत नाही. परंतु 1 जानेवारी 1995 च्या मतदारयादीतील नाव आणि पुढे 7,000 रुपये भरण्याची ऐपत, ही निवाऱ्याच्या हक्काची मापे ठरली. यादीबाहेरच्या माणसाला उपजीविका नव्हती काय? 2000 साली दिल्लीच्या कचऱ्यासंबंधीच्या अल्मित्रा पटेल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्याच लहान पीठाने, अतिक्रमण करणाऱ्यास मोफत पर्यायी जागा देणे म्हणजे खिसेकापूला बक्षीस देणे, अशा आशयाचे उद्गार काढले. 1985 च्या निकालातला पोटासाठी शहरात आलेला माणूस येथे गुन्हेगार झाला.

13 नोव्हेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने बुलडोझरशाहीला लगाम घालून पाडकामापूर्वी किमान 15 दिवसांची नोटीस आवश्यक ठरवली. या निर्णयाचे आम्ही स्वागतच करतो. मात्र रस्ता, पदपथ, रेल्वेमार्गालगतची जागा व जलाशय येथील अनधिकृत बांधकामे या निर्देशांतून वगळली आहेत. म्हणजे ज्यांच्या लढ्यातून सुनावणीचे तत्त्व जन्मले, तेच नव्या संरक्षणाच्या बाहेर राहिले! त्यांच्यापुरता आधार उरतो तो 1985 च्या घटनापीठाचाच, आणि तो आजही रद्द झालेला नाही.

कार्यकर्त्यांनी ही गोष्ट मनावर घ्यावी. अंधेरी असो वा घाटकोपर, नोटीस आली की तिला लेखी उत्तर द्यावे, सुनावणीची मागणी करावी आणि वॉर्ड ऑफिसची पोच जपून ठेवावी. जे कागदावर नाही ते अपिलात उभे करणे फार कठीण जाते. पण कागदही एकट्याने लढत नाही. चांदिवलीच्या संघर्षनगरात उद्यानातून उठवलेल्या कुटुंबांना घरे मिळाली, त्यामागे निवारा हक्क सुरक्षा समितीची अनेक वर्षांची चळवळ होती. न्यायालयाचा पूर्वनिर्णय गरिबाच्या बाजूने बंधनकारक ठरावा, यासाठी त्याच्या पाठीशी संघटना उभी असावी लागते.