जुना आकडा पुन्हा निघाला पाहिजे

नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्पात वाशीम जिल्हाही आहे. या प्रकल्पातील गावांच्या पाण्याचा ताळेबंद मांडण्यासाठी आयआयटी मुंबईने ‘क्यूजिस’ या मुक्त नकाशाप्रणालीवर चालणारे प्लगइन तयार केले. रोजचा पाऊस, जमिनीचा पोत आणि खोली, उतार, पीक ही माहिती भरली की किती पाणी वाहून गेले, किती मुरले, सोयाबीनला किती कमी पडले याचा हिशेब निघतो. शेततळे कुठे, नालाबांध कुठे, हे अशा आकड्यांवरून ठरते. म्हणून दहा वर्षांनी कोणी विचारले, तर तोच आकडा पुन्हा काढून दाखवता आला पाहिजे.

पण प्रोग्रॅम जपून ठेवला म्हणजे झाले, असे नसते. त्याच्याखाली इतरांनी लिहिलेली अनेक पॅकेजेस असतात आणि ती बदलत राहतात. फेब्रुवारी २०१८ मध्ये क्यूजिस ३.० आले आणि पायथन २ या भाषेत लिहिलेली जुनी प्लगइन दुरुस्तीशिवाय चालेनात. प्रोग्रॅम बंद पडला तर निदान कळते तरी. खरा धोका आकडा गुपचूप बदलण्याचा. नमपाय या गणिती पॅकेजची २.० आवृत्ती जून २०२४ मध्ये आली. ३२ बिटांच्या एकट्या दशांश संख्येत पायथनची साधी दशांश संख्या मिळवली की पूर्वी उत्तर ६४ बिटांत येई. आता ते ३२ बिटांतच येते. एरर काही येत नाही, शेवटचे अंक मात्र बदलू शकतात.

यावरचा उपाय महागडा नाही. लागणाऱ्या पॅकेजेसच्या यादीत नुसते ‘नमपाय’ लिहून भागत नाही. लॉक फाइलमध्ये, म्हणजे आवृत्त्या पक्क्या करणाऱ्या यादीत, प्रत्येक पॅकेजची, आणि ते ज्यांवर अवलंबून आहे त्यांचीही, नेमकी आवृत्ती आणि हॅश, म्हणजे फाइल बदललेली नाही हे तपासण्याचा ठसा, हवा. शिवाय पॅकेजेसची प्रत स्वतःजवळ हवी. २०१६ मध्ये लेफ्ट-पॅड हे जेमतेम अकरा ओळींचे पॅकेज त्याच्या लेखकाने काढून घेतले, तेव्हा जगभरच्या प्रोग्रॅमरांची कामे अडली होती. जुन्या आवृत्त्यांत सुरक्षेच्या त्रुटी राहतात, हा आक्षेप खरा आहे. म्हणून नवे काम नव्या आवृत्त्यांवर करावे आणि जुना संच इंटरनेट नसलेल्या संगणकावर, फक्त फेरतपासणीसाठी चालवावा.

सरकारी पैशातून अशी प्रणाली घेताना निविदेतच अट घाला: कोऱ्या संगणकावर, इंटरनेट न जोडता, वाशीमच्या मंगरूळपीर तालुक्यातल्या एखाद्या गावाचा जुना ताळेबंद पुन्हा काढून दाखवा. आकडा जुळला, तरच शेवटचे बिल मंजूर करा.