चाल बाईची, नाव कुणाचं?

मालिकेचं शीर्षकगीत लागलं की आवाज कुणाचा, हे आपण स्वयंपाकघरातूनही ओळखतो. 'आभाळमाया' म्हटलं की देवकी पंडित. पण चाल? ती अशोक पत्कींची. गायला बाई आणि चाल बांधायला पुरुष, ही वाटणी इतकी अंगवळणी पडलीय की खटकतच नाही.

लता मंगेशकरांचंच बघा ना. १९४२ साली वडील गेले आणि घर चालवायला त्या 'पहिली मंगळागौर'सारख्या चित्रपटांत छोट्या भूमिका करू लागल्या. अभिनय त्यांना कधीच आवडला नाही. त्यांचं गाणं जगाला ठाऊक, पण त्या संगीतकारही होत्या, हे किती जणींना माहीत आहे? १९५० मध्ये 'राम राम पाव्हणं' त्यांनी स्वतःच्या नावाने केला. पुढचे चार चित्रपट मात्र 'आनंदघन' या नावाने. त्यातल्या 'साधी माणसं'ला (१९६५) संगीताचा राज्य पुरस्कार मिळाला, तेव्हा कुठे आनंदघन म्हणजे लताबाई, हे जाहीरपणे सांगितलं गेलं. १९६९ च्या 'तांबडी माती'नंतर हे नाव पडद्यावर दिसलं नाही.

टोपणनाव का घेतलं, हा त्यांचा प्रश्न. मला वेगळंच वाटतं. 'आनंदघन' वाचल्यावर तो पुरुषच असेल, असं आपण का धरून चालतो? वादकांचा ताफा सांभाळणं, निर्मात्याशी पैशांचं बोलणं ही बाईची कामं नव्हेत, असं मनात कुठेतरी असतंच. उषा खन्नांनी १९५९ मध्ये 'दिल देके देखो' गाजवला. तरी 'फिल्मफेअर'चा संगीतकाराचा पुरस्कार एका स्त्रीला मिळायला २०२२ उजाडलं. 'शेरशाह'साठी जसलीन रॉयलला, तोही इतरांबरोबर विभागून!

आपल्या रायगडच्या किनाऱ्यावर आगरी लग्नांत धवलारीण धवले गाते. आज्यांनी, पणज्यांनी जपलेल्या, वाढवलेल्या या चाली. पण त्या कुणाच्या, असं विचारलं तर उत्तर एकच, 'पारंपरिक'. म्हणजे नाव नाही. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीने संगीतकाराला रॉयल्टीचा हक्क दिला खरा, पण ज्याचं नाव लागतं त्यालाच तो मिळणार. तेव्हा नाव लावणं हा मिरवण्याचा नाही, हक्काचा आणि चार पैशांचा प्रश्न आहे.

तुमची लेक शाळेच्या कवितेला स्वतःची चाल लावते, तेव्हा आपण म्हणतो, "छान गातेस गं!" एकदा "चाल छान बांधलीस" असं म्हणून बघा. आणि स्नेहसंमेलनात ती कविता झालीच, तर कार्यक्रमपत्रिकेत 'संगीत' या शब्दापुढे तिचं नाव लिहायला सांगा.