दोन झाडांमधले अंतर

सुपारीच्या बागेचे मूल्यमापन करण्यासाठी आमच्या बँकेत एक छापील तक्ता असे. झाडांची संख्या, वय, दर झाडामागे उत्पन्न, पाण्याची सोय. १९९१ साली फोंड्याजवळच्या एका कुळागरात मी तो भरत होतो. सत्तावन्नावी पोफळ मोजली आणि तिच्या सालीचा एक ढलपा सुटून, हवेत तरंगत, पलीकडच्या फणसाच्या खोडाला जाऊन चिकटला. वाळके पान खाली पडते. हे आडवे गेले होते. मी मोजणीच विसरलो.

‘‘सरडा तो, मॅनेजरसाहेब,’’ भाटकार हसून म्हणाले. ‘‘आमचा जुना भाडेकरू. भाडे तेवढे देत नाही.’’

या उडत्या सरड्यांच्या प्रजातीचे शास्त्रीय नाव ड्रॅको, म्हणजे पुराणकथांतला उडता राक्षसी सर्प. नाव लिनियसचे, १७५८ सालचे. राक्षस कसला, शेपटी सोडली तर बोटभर देह, आणि आहार मुख्यतः मुंग्यांचा! प्रजातीत चाळीसेक जाती असून बहुतेक इंडोनेशिया, मलेशिया, फिलिपिन्सच्या अरण्यांत राहतात. आपल्या सह्याद्रीत मात्र एकच, गोव्यापासून केरळपर्यंत. दुसुमिए या फ्रेंच प्रवाशाच्या नावाने ती १८३७ साली शास्त्राच्या दप्तरी दाखल झाली.

त्याला पंख नाहीत. लांबलेल्या बरगड्यांवर कातडीचा पडदा ताणलेला असतो; बसल्यावर तो छत्रीसारखा मिटतो. पडदा उघडतो बरगड्यांच्या स्नायूंमुळे, पण हवेत वळण कसे घेतो याचा उलगडा फार उशिरा झाला. कर्नाटकातल्या आगुंबे येथे याच जातीची छायाचित्रे घेऊन एका जर्मन संशोधकाने २०१७ साली दाखवून दिले की, झेप घेतल्यावर सरडा पुढच्या पायांनी पडद्याची कड धरतो. पतंगाची दोरी धरावी तशी. समोरचे खोड जवळ आले की कड सोडायची आणि हात पुढे करायचे. बोर्निओतल्या एका जातीची तर आणखी गंमत. खारफुटीत राहणाऱ्यांचे पडदे तांबूस, आतल्या जंगलातल्यांचे तपकिरी-हिरवे. जिथे जशी पाने गळतात तसे. शत्रूला वाटावे, पानच पडले.

पण हे उडणे नव्हे, घसरणे आहे. उंची हे त्याचे भांडवल, आणि प्रत्येक झेपेत ते थोडे खर्च होते. समोर झाड असेल तरच पुन्हा वर चढून ते भरून काढता येते. म्हणून त्याच्या हिशेबात झाडांच्या संख्येइतकेच दोन झाडांमधले अंतर मोलाचे. मादीची अडचण आणखी वेगळी. अंडी घालायला तिला जमिनीवर उतरावेच लागते. नाकाने माती उकरून ती खळगा करते, अंडी घालते आणि पुन्हा वर जाते. तिथे सिमेंटची फरशी घातली असेल तर तिने काय करावे?

रस्ता रुंद करताना आपण तोडलेली झाडे मोजतो, बदल्यात लावलेली रोपे मोजतो आणि हिशेब जुळला म्हणतो. गोव्यात मोलेच्या अरण्यातून रेल्वेचा दुसरा मार्ग, रुंद महामार्ग आणि वीजवाहिनी नेण्याविरुद्ध २०२० साली लोक उभे राहिले. रेल्वेच्या कामाला दिलेली वन्यजीव मंजुरी सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली रद्द केली. तेव्हाही चर्चा झाली ती मुख्यतः झाडांच्या आकड्याची. रस्त्याच्या दोन्ही कडांची जुनी, उंच झाडे जागेवर ठेवावीत, फांद्या वर एकमेकींना भिडू द्याव्यात, ही अट निविदेतच का नसावी? रोप लावले म्हणजे उंची लावली असे होत नाही. तिला चाळीस-पन्नास वर्षे लागतात.

दुसऱ्याला उपदेश करण्याचा अधिकार मला कितपत आहे, हेही सांगायला हवे. त्या दिवशी तक्त्यातल्या शेवटच्या रकान्यात मी लिहिले होते, ‘फणस, आंबा वगैरे अनुत्पादक झाडे काढून पोफळी वाढवाव्यात.’ कर्ज त्या अटीवर मंजूर झाले. वर्षाने पाहणीला गेलो तेव्हा फणसाच्या जागी बुंधा होता आणि मोकळ्या जागेत गुडघाभर रोपे ओळीने उभी होती.

‘‘भाडेकरू हल्ली दिसत नाही,’’ भाटकार म्हणाले.

मी तक्त्यावर ‘अटींची पूर्तता झाली’ असे लिहून सही केली.