तिचे मौन म्हणजे समाधान नव्हे

“आमच्या घरात तिची कधी तक्रार नसते,” असे अनेक कॉम्रेड अभिमानाने सांगतात. मौनाला समाधान समजणे ही सोयीस्कर आत्मवंचना होय.

केंद्र सरकारच्याच २०२४ च्या वेळवापर पाहणीनुसार, घरकाम करणारी स्त्री त्यात दररोज सरासरी २८९ मिनिटे राबते. घरकामाला हात लावणारा पुरुष ८८ मिनिटे. या श्रमांना वेतन नाही, सुट्टी नाही, निवृत्ती नाही. २००१ च्या जनगणनेने तर गृहिणीला भिकारी व कैद्यांसमवेत ‘बिगर-कामकरी’ ठरविले; २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यावर कठोर टीका केली.

कामगाराला रोज नव्याने कामावर उभे करणारे हे श्रम भांडवलदाराला फुकट मिळतात. ‘गृहलक्ष्मी’ची स्तोत्रे त्यासाठीच गायिली जातात. एंगल्सने १८८४ मध्येच कुटुंबाच्या पायाशी दडलेली ही गुलामी उघड केली होती.

१९७०च्या दशकात महागाईविरुद्ध हीच ‘अबोल’ गृहिणी लाटणे घेऊन मुंबईच्या रस्त्यावर उतरली. पण मोर्चा संपताच तिला त्याच चुलीपाशी परतावे लागले. हा दोष तिचा की आपला?

“आधी क्रांती, मग हा प्रश्न” हा युक्तिवाद मार्क्सवाद नव्हे, पुरुषी सोय आहे. पाळणाघरे, घरोघरी पाणी व सार्वजनिक भोजनगृहे यांसाठी लढा उभारलाच पाहिजे. परंतु समतेचा ठराव मांडून घरी वाढलेल्या ताटाची वाट पाहणाऱ्याने तो लढा प्रथम स्वतःच्या स्वयंपाकघरात सुरू करावा!