निम्मी रक्कम भरा, मग बोला

बँकेविरुद्ध कोर्टात गेला तो बुडव्या, असं आमच्या जत भागात पारावर बसलेला कुणीही सांगेल. बँकेचे साहेब सांगतात, पुढारी सांगतात, आणि ज्यांची सोसायटी दोन वर्षं थकली आहे तेही सांगतात. मला हे बिलकूल मान्य नाही.

माझ्या थोरल्या चुलत्यांनी, अण्णांनी, कोंबड्यांच्या शेडसाठी एका सहकारी बँकेचं कर्ज काढलं. तारण म्हणून राहतं घर आणि विहिरीजवळचा तुकडा. कोंबड्यांत रोग शिरला, हप्ते तुंबले. मग ‘सरफेसी’ची नोटीस आली : ६० दिवसांत सगळी रक्कम भरा. सहा पानं, सगळी इंग्रजीत. मुद्दल किती, व्याज किती, दंडव्याज किती, असा हिशेब मागायला अण्णा शाखेत गेले, तर तिथला पोरगा म्हणाला, “अण्णा, ते आता वरनं मिळंल.” वर म्हणजे कुठं, हे त्यालाही ठाऊक नव्हतं. पुढं दारावर ताब्याचा कागद चिकटला आणि चुलतीनं महिनाभर शेजारणीकडं जाणं सोडलं.

हा कायदा २००२ चा. जप्तीसाठी बँकेनं कोर्टात दावा लावायचाच नाही, ही त्यातली मेख. तालुक्याच्या दिवाणी कोर्टाला यात हात घालता येत नाही. सहकारी बँकांना तो लागू होतो का, यावर पुष्कळ वर्षं वाद चालला. ५ मे २०२० ला सुप्रीम कोर्टानं होतो म्हणून सांगितलं. तो खटलाही लांबचा नव्हे, शेजारच्या कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडचा.

कर्जदारानं दाद मागायची ती ४५ दिवसांत, कर्जवसुली न्यायाधिकरणात. ते पुण्यात. रात्रीची एस.टी. धरायची, सकाळी स्वारगेटला तोंड धुवायचं, आणि दुपारी कळतं की तारीख पुढं गेली. अर्जाचा निकाल ६० दिवसांत, फार तर चार महिन्यांत लावावा, असं कायद्यातच लिहिलंय! पूर्वी या पहिल्याच पायरीवर ७५ टक्के रक्कम भरायची अट होती. २००४ साली सुप्रीम कोर्टानं ती उडवली. पण निकाल विरुद्ध गेला की अपील मुंबईत, आणि तिथं ऐकून घेण्याआधी निम्मी रक्कम भरायची. न्यायाधिकरणाला पटलंच तर पाव, त्याखाली नाही. अहो, निम्मी रक्कम गाठीला असती तर माणूस पुण्या-मुंबईच्या वाऱ्या कशाला करत बसला असता?

शेतजमिनीला या कायद्यात सूट आहे. पण जमीन खरोखर शेतीची आहे हे कर्जदारानं सिद्ध करायचं, असं सुप्रीम कोर्टानं २०२३ मध्ये म्हटलं. म्हणजे कागदं घेऊन जो पुण्याला पोचेल, सूट त्याला. जो पोचणार नाही त्याच्या रानात ज्वारी कंबरेएवढी असली तरी कायद्याला ती दिसत नाही.

ठेवीदारांचा पैसा बुडतो, असं म्हणतात. खरंय. माझ्या आईचीही ठेव अशाच एका बँकेत आहे, आणि ती परत मिळावी असं मलाही वाटतं. बडे थकबाकीदार वकिलांची फौज लावून स्थगितीवर वर्षं काढतात, हेही खरं. पण निम्मी रक्कम भरणं जमतं ते त्यांनाच. मग ही अट अडवते कुणाला?

१२ मे १८७५ ला सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची खतं जाळली. सावकार कोर्टातून एकतर्फी हुकूमनामे आणत आणि कुळाचं कुणी ऐकत नसे. १८७९ च्या कायद्यानं न्यायाधीशाला बजावलं : खतावरचा आकडा धरून बसू नका, व्यवहार पहिल्यापासून तपासा. हे परक्या सरकारनं केलं. आमच्या सरकारला निदान नोटीस मराठीत काढायला, तिच्यासोबत पै-पैचा हिशेब जोडायला, न्यायाधिकरण महिन्यातून दोन दिवस सांगलीत बसवायला आणि बारक्या कर्जदाराची निम्म्याची अट काढायला काय धाड भरली आहे? माफी कुणी मागत नाहीये. अण्णा तर म्हणतात, “देणं हाय ते हाय. पण किती हाय, ते तरी दाखवा.”

त्यांची पुढची तारीख सुगीत पडली आहे. वकिलांचा निरोप आलाय, येताना पीकपाहणीचा उतारा आणि उभ्या ज्वारीचे फोटो आणा.