‘न्यूड’ ते ‘मैं अटल हूँ’ : हिशेब कोणाकडे मागायचा?

दिग्दर्शकाची कारकीर्द म्हणजे केवळ त्याच्या प्रतिभेचा आलेख, ही आपल्या समीक्षेची आवडती समजूत आहे. ती सोयीची आहे, खरी नाही. कवीला कागद पुरतो, दिग्दर्शकाला भांडवल लागते. ते कोण पुरवतो आणि तयार झालेली कृती लोकांसमोर येऊ द्यायची की नाही हे कोण ठरवतो, या दोन प्रश्नांवाचून कारकिर्दीचा हिशेब लागत नाही. डोंबिवलीत वाढलेल्या रवी जाधव यांची वाटचाल याची साक्ष देते.

जाहिरातक्षेत्रातून आलेल्या जाधव यांचा पहिला चित्रपट ‘नटरंग’ (२०१०). आनंद यादव यांच्या कादंबरीवरील या चित्रपटाचा नायक शेतमजूर आहे. तमाशाच्या ध्यासापायी तो नाच्या होतो आणि समाजाची अवहेलना सोसतो. पुढे ‘बालगंधर्व’ (२०११) आला आणि तिकीटखिडकीवर उदंड चाललेला ‘टाइमपास’ही (२०१४) आला.

खरी कसोटी लागली ती ‘न्यूड’च्या वेळी. मुलाच्या शिक्षणासाठी कलाशाळेत विवस्त्र बसण्याचे काम पत्करणाऱ्या गरीब स्त्रीची ही कथा. तिचे काम हेही श्रमच आहेत, एवढेच हा चित्रपट सांगतो. २०१७ च्या गोव्यातील आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात परीक्षकांनी तो भारतीय विभागाच्या उद्घाटनासाठी निवडला. केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्रालयाने ‘एस. दुर्गा’ या मल्याळम चित्रपटासह तो यादीतून वगळला. परीक्षक मंडळाचे अध्यक्ष सुजॉय घोष यांनी राजीनामा दिला. जानेवारी २०१८ मध्ये याच चित्रपटाला एकाही काटछाटीवाचून प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र मिळाले. मग परीक्षकांचा निर्णय मोडून मंत्रालयाने रक्षण केले ते कशाचे?

याच दिग्दर्शकाने २०२३ मध्ये तृतीयपंथी कार्यकर्त्या गौरी सावंत यांच्या जीवनावर ‘ताली’ ही मालिका केली. ती एका बड्या उद्योगसमूहाच्या जाळ्यावरून प्रसारित झाली. जानेवारी २०२४ मध्ये त्यांचा ‘मैं अटल हूँ’ हा वाजपेयींवरील चित्रपट आला. येथे आपल्यातील काही जण भुवया उंचावतील. पण व्यक्तीच्या हेतूंवर तर्क लढवणे हे समाजवादी विश्लेषण नव्हे. विषय निवडण्याचा अधिकार दिग्दर्शकाचाच आहे. प्रश्न असा, की मंत्रालयाची मर्जी आणि उद्योगपतीची थैली यांखेरीज त्याच्यासाठी तिसरे दार कोठे उघडे आहे?

पश्चिम जर्मनीत ते दार काही काळ उघडे होते. कोलोनच्या सार्वजनिक दूरचित्रवाणीने १९७२-७३ मध्ये फासबिंडरकडून कामगार कुटुंबावरील मालिका करून घेतली. नियोजित आठ भागांपैकी पाचच झाले, हेही खरे. तरीही कारखान्यातील संघर्ष घराघरांत पोहोचला, तो लोकांच्या वर्गणीवर चालणाऱ्या संस्थेमुळे. आपल्याकडे दूरदर्शनने १९८८ मध्ये ‘तमस’ दाखवले. पुढे मात्र उलटा प्रवास झाला : फिल्म्स डिव्हिजन आणि बालचित्रपट संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्याचा निर्णय केंद्राने २०२० मध्ये घेतला.

म्हणून मागणी दुहेरी हवी. महोत्सवातील परीक्षकांचा निर्णय मंत्रालयावर बंधनकारक असावा. आणि ज्या न्यायाने ठाण्यात गडकरी रंगायतन, कल्याणात अत्रे रंगमंदिर व डोंबिवलीत सावित्रीबाई फुले कलामंदिर सार्वजनिक पैशातून उभे राहिले, त्याच न्यायाने पालिकांनी लोकलने रोज मुंबई गाठणाऱ्या श्रमिकाला परवडेल अशा दरात चांगला चित्रपट दाखवावा. कलावंताला बोल लावणे सोपे आहे. त्याच्यासाठी तिसरे दार उघडणे हे कार्यकर्त्यांचे काम आहे.