चाळीस टक्क्यांची रेघ

आपल्या निपाणी-बेळगाव भागात शिकलेल्या मुलाने किंवा मुलीने नोकरी कोणती करावी, असे विचारले तर घरातली वडीलधारी माणसे आजही प्रथम मास्तरकीचेच नाव घेतात. पगार ठरलेला, गावात मान आणि शेतीच्या बेभरवशापासून सुटका, असा त्यामागचा साधा हिशोब. त्यामुळे डी.एड., बी.एड.च्या जागा आणि शिक्षकभरती यांवर आपल्या कँटीनमध्ये जितका वाद होतो, तितका क्वचितच दुसऱ्या कशावर होत असेल. या वादात अलीकडे एक वाक्य वारंवार कानांवर येते : "ती कसली अपंग? चांगली चालते-फिरते की!" या एका वाक्याचा आपण सर्वांनी शांतपणे विचार करावा, एवढ्यासाठीच हा लेखनप्रपंच.

प्रथम कायदा काय म्हणतो ते पाहू. केंद्र सरकारने १९७७ साली तिसऱ्या व चौथ्या श्रेणीच्या नोकऱ्यांत अपंगांसाठी ३ टक्के जागा ठेवल्या. पण तो केवळ सरकारी आदेश होता. १९९५ च्या कायद्याने त्याला हक्काचे रूप दिले. पुढे २०१६ चा कायदा १९ एप्रिल २०१७ पासून अमलात आला. अपंगत्वाचे मान्य प्रकार सातांवरून एकवीस झाले, सरकारी नोकऱ्यांतील राखीव जागा किमान ४ टक्के आणि सरकारी व अनुदानित उच्च शिक्षणसंस्थांतील प्रवेश किमान ५ टक्के ठरले. शब्दही बदलले. मराठीत 'अपंग'चे 'दिव्यांग' झाले, कन्नडमध्ये 'अंगविकल'चे 'विकलचेतन' झाले. मात्र या जागांना पात्र कोण, याची कसोटी एकच राहिली : वैद्यकीय दाखल्यावर किमान ४० टक्के अपंगत्व हवे.

मी वाणिज्य शाखेची विद्यार्थिनी असल्याने हे ४० टक्के कसे मोजतात, याचे मला कुतूहल वाटले. ज्याचा एक डोळा पूर्ण गेला आहे, पण दुसरा निकोप आहे, त्याचे अपंगत्व सरकारी मोजपट्टीप्रमाणे ३० टक्के भरते. म्हणजे तो राखीव जागेला पात्र नाही. एकाच व्यक्तीला ३० टक्के आणि २० टक्के अशी दोन अपंगत्वे असतील, तर बेरीज ५० होत नाही. ठरलेल्या सूत्राप्रमाणे ती साधारण ४३ होते. यात शास्त्र आहे, हे मान्य. परंतु सांध्याची हालचाल किती अंशांची, स्नायूंची ताकद किती, हे शेवटी तपासणारे डॉक्टरच ठरवतात. एकाने ४२ म्हटले आणि दुसऱ्याने ३८ म्हटले, तर वैद्यकशास्त्राच्या दृष्टीने तो किरकोळ फरक असेल. उमेदवाराच्या दृष्टीने मात्र तो नोकरी असणे आणि नसणे यांतला फरक आहे.

माझ्या एका शाळासोबतिणीच्या बाबतीत नेमके हेच घडले. तिचा उजवा पाय जन्मतः आखूड. आई विड्या वळते. दहावीच्या सुमारास तिला ४२ टक्क्यांचा तात्पुरता दाखला मिळाला. त्याची मुदत संपल्यावर पुन्हा तपासणी झाली आणि आकडा ३८ आला. मधल्या काळात ना कोणती शस्त्रक्रिया झाली होती, ना पायाची लांबी वाढली होती. आकडा का उतरला, हे दाखल्यावर कोणी लिहिले नाही. अशा निर्णयाविरुद्ध अपील करण्याची सोय २०१६ च्या कायद्याच्या ५९ व्या कलमात आहे, हेही तिला कोणी सांगितले नाही. चौकशी करीपर्यंत डी.एड.चे प्रवेश संपून गेले. आज ती तंबाखूच्या एका वखारीत हिशोब लिहिते.

"पण खोटे दाखले काढणारेही आहेतच ना?" असे कोणी विचारील. आहेत, आणि तो प्रश्न झटकून टाकण्यासारखा नाही. २०२४ साली महाराष्ट्रातील एका परिविक्षाधीन सनदी अधिकाऱ्याचे प्रकरण देशभर गाजले. संघ लोकसेवा आयोगाने ती उमेदवारी रद्द केली ती ओळख बदलून परीक्षेचे जादा प्रयत्न घेतल्याच्या कारणावरून. पण त्या निमित्ताने अपंगत्वाच्या दाखल्यांवरही सर्वत्र संशय घेतला गेला. २०२५ मध्ये महाराष्ट्राच्या दिव्यांग कल्याण विभागाने सरकारी व जिल्हा परिषदांच्या कर्मचाऱ्यांचे दाखले पडताळण्याची मोहीमच हाती घेतली. लबाडीने लाभ घेणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही, अशी तरतूद कायद्यात आहे. ती वापरावी, अवश्य वापरावी. खोटा दाखला काढणारा प्रथम लुबाडतो तो खऱ्या अपंगालाच. पण चोर पकडायचा म्हणून गल्लीतल्या प्रत्येक घराला कुलूप ठोकणे योग्य होईल काय? ज्याचे अपंगत्व उघड डोळ्यांना दिसत नाही, त्या कमी ऐकू येणाऱ्या किंवा मानसिक आजार असलेल्या माणसाने दर खेपेस स्वतःला नव्याने सिद्ध करीत राहावे काय?

दाखल्याची रेघ ओलांडली की दुसरी रेघ उभी राहते : "हा अपंग आहे खरा, पण मग काम काय करणार?" कर्नाटकात २०२२ च्या पदवीधर प्राथमिक शिक्षकभरतीत एका पूर्ण अंध उमेदवाराची निवड नाकारली गेली. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. काम करण्याची क्षमता असेल तर अंशतः दिसणाऱ्यापेक्षा पूर्ण अंध उमेदवारास प्राधान्य द्यावे, असा न्यायालयाचा निष्कर्ष होता. महाराष्ट्रातील ओंकार गोंड या विद्यार्थ्याच्या वैद्यकीय प्रवेशाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १५ ऑक्टोबर २०२४ रोजी सांगितले की, अपंगत्वाचा आकडा ठरावीक मर्यादेवर गेला एवढ्याने कोणी अपात्र ठरत नाही. तो अभ्यासक्रम त्याला झेपेल की नाही, हे तपासले पाहिजे. आणि ३ मार्च २०२५ च्या निकालाने अंध व्यक्तींना न्यायाधीशपदापासून दूर ठेवणारा मध्य प्रदेशातील नियम रद्द झाला. अंध माणूस न्यायदान करू शकतो, तर त्याला चौथीच्या वर्गात इतिहास शिकवता येणार नाही, असे कोणत्या तोंडाने म्हणावे?

हिशोबाची आणखी एक बाब. ४ टक्के म्हणजे पंचवीस पदांमागे एक. जागा दहा-दहाच्या तुकड्यांनी भरल्या आणि दर वेळी तेवढ्यांचेच गणित मांडले, तर अपंगाचा क्रमांक कधी लागायचाच नाही. म्हणून ८ ऑक्टोबर २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की, हे आरक्षण संवर्गातील एकूण रिक्त पदांवर मोजावे. एखाद्या वर्षी योग्य उमेदवार मिळाला नाही तर ती जागा पुढील वर्षी न्यावी लागते, लगेच दुसऱ्याला देता येत नाही. 'आमच्या जागा गेल्या' असे म्हणणाऱ्या मित्रांनी हा ताळेबंद एकदा जरूर वाचावा.

आपल्या सीमाभागात तर यात आणखी एक गाठ आहे. निपाणीहून कोल्हापूर सुमारे ४० किलोमीटर आणि जिल्ह्याचे ठिकाण बेळगाव सुमारे ७५. साहजिकच आजारी माणूस कोल्हापूर गाठतो. उपचाराचे कागद मराठीत, अर्ज कन्नडमध्ये आणि नियमांची भाषा इंग्रजी! शिवाय महाराष्ट्र शासन ८६५ सीमागावांतील उमेदवारांना आपल्याकडील नोकऱ्यांसाठी पात्र मानते. म्हणजे आपल्या भागातील अपंग उमेदवाराला दोन राज्यांच्या दोन पडताळण्यांना तोंड द्यावे लागते. वास्तविक कायद्याप्रमाणे दिलेला दाखला सर्व कामांसाठी ग्राह्य आहे आणि त्याच्या ओळखपत्राचा क्रमांक देशभर एकच असतो. मग एका कार्यालयाने मानलेला कागद दुसऱ्याने का मानू नये?

माझ्या मते तीन गोष्टी झाल्या तर निम्मे तंटे मिटतील. पहिली, आकडा बदलला तर त्याची कारणे वैद्यकीय मंडळाने दाखल्यासोबत लेखी द्यावीत. दुसरी, अपील कोठे व कसे करावे हे उमेदवाराला समजेल अशा भाषेत, म्हणजे आपल्याकडे कन्नड आणि मराठी दोन्हींत, सांगावे. आणि अपिलाचा निकाल लागेपर्यंत त्याची जागा मोकळी ठेवावी. तिसरी, पडताळणी करायची ती नेमणुकीआधी, वेळेत आणि एकदाच व्हावी.

पहिल्या दोन गोष्टी सरकारच्या हातात आहेत आणि तिसरीही. पण काही आपल्याही हातात आहे. आपल्या महाविद्यालयात दोन्ही भाषा जाणणारी मुले-मुली शेकड्यांनी आहेत. प्रवेशाच्या आणि भरतीच्या दिवसांत ग्रंथालयाशेजारच्या खोलीत आठवड्यातून एक दुपार बसून अपंग उमेदवारांचे अर्ज भरून द्यावेत, कागदांचे भाषांतर करावे, परीक्षेला लेखनिक म्हणून जावे. प्राध्यापकांपैकी कोणी कायद्याची माहिती असलेले मार्गदर्शन करतील तर फारच उत्तम. यासाठी ना निधी लागतो, ना ठराव. जून महिन्यात प्रवेश सुरू होतील. ज्यांना यात भाग घ्यावासा वाटतो, त्यांनी त्याआधी मराठी किंवा कन्नड विभागाच्या संपादकांकडे आपले नाव द्यावे, अशी माझी विनंती आहे. माझे नाव मी दिले आहे.